मोर्चातली वनजमीन आणि आपल्या मनातलं जंगल

सुरगाणा, पेठ, कळवण, दिंडोरीकडून लाल झेंड्यांचा मोर्चा नाशकात आला की सीबीएस या मध्यवर्ती बसस्थानकाच्या परिसरात गाड्या तुंबतात. मग गाडीत घामाघूम झालेला माणूस शेजारच्याला विचारतो, ‘यांना नक्की पाहिजे तरी काय?’ ६ मार्च २०१८ला असाच एक मोर्चा इथून निघाला, सुमारे १८० किलोमीटर चालला आणि १२ तारखेला पहाटे मुंबईत आझाद मैदानावर पोचला. दहावीची परीक्षा चालू होती. मुलांचा खोळंबा नको म्हणून शेवटचा टप्पा रात्रीच उरकला गेला. मुंबईकरांनी पाणी दिलं, चपला दिल्या. वर्तमानपत्रांत सोललेल्या तळव्यांचे फोटो आले. मागणी मात्र फारशी कुणी समजावून सांगितली नाही. २०१९ला आणि २०२३ला पुन्हा मोर्चे निघाले. कांद्याचा भाव, कर्जमाफी या मागण्या कमीजास्त होत राहिल्या, एक मात्र कायम राहिली: आम्ही कसतोय ती वनजमीन आमच्या नावावर करा.

हेच शहर झाडांच्या बाबतीत हळवंही आहे. २०२७च्या कुंभमेळ्यासाठी तपोवनातली झाडं तोडण्याचा प्रस्ताव पुढे आला तेव्हा २०२५च्या अखेरीस नाशिककरांनी जोरदार विरोध केला. (शहरातल्या झाडांना १९७५चा वेगळा कायदा लागू होतो, तो विषय इथे बाजूला ठेवू.) तपोवनासाठी घोषणा देणारा माणूस वनपट्ट्यांचं, म्हणजे कसत्या वनजमिनीच्या हक्कपत्रांचं, नाव काढलं की हमखास म्हणतो, ‘जंगलाचे प्लॉट पाडून वाटले तर जंगल उरेल का?’ शंका रास्त आहे. पण तिचं उत्तर ‘हो’ किंवा ‘नाही’ असं एका शब्दात देता येत नाही, कारण मोर्चातली वनजमीन आणि आपल्या मनातलं जंगल या बऱ्याचदा दोन निरनिराळ्या जागा असतात.

## जंगल कागदावरचं आणि जमिनीवरचं

भारतीय वन सर्वेक्षण संस्था उपग्रहाच्या छायाचित्रांवरून देशातलं वनाच्छादन मोजते. तिचा निकष सरळ आहे: किमान एक हेक्टर क्षेत्र आणि त्यातल्या निदान १० टक्के भागावर झाडांचं छत्र. जमीन कुणाची, झाड कोणतं, हे ती बघत नाही. त्यामुळे घट्ट लावलेली आमराईसुद्धा त्या हिशेबात येते. २०२३च्या अहवालात देशाचं वनाच्छादन २१.७६ टक्के दिलंय ते या पद्धतीने.

महसूल आणि वनखात्याच्या दप्तरातलं जंगल वेगळं. १९२७च्या भारतीय वन अधिनियमाखाली किंवा त्याआधीच्या कायद्यांखाली एखादी जमीन ‘राखीव’ किंवा ‘संरक्षित’ म्हणून घोषित झाली की ती वन. मग तिथे साग असो, नागलीचं शेत असो, नाहीतर नुसता कातळ. शिवाय १२ डिसेंबर १९९६ला सर्वोच्च न्यायालयाने गोदावर्मन खटल्यात सांगितलं की सरकारी नोंदीत जे जे वन म्हणून लिहिलंय, मालकी कुणाचीही असो, त्याला वनसंवर्धन कायदा लागू. १९८०च्या या कायद्यामुळे केंद्राच्या मंजुरीवाचून वनजमीन दुसऱ्या कामाला वापरता येत नाही. २०२३ला त्यात बदल झाले, पण मूळ चौकट तीच.

म्हणजे सुरगाण्यातल्या एखाद्या पाड्यावर आजोबांपासून वरई पिकवणारी जमीन कागदोपत्री जंगल असते, आणि बागायतदाराची आमराई उपग्रहाच्या लेखी वनाच्छादन ठरते. दोन्ही नोंदी आपापल्या जागी बरोबर.

## लोक जंगलात शिरले की कागद गावात शिरला?

इंग्रजांनी १८६४ला वनखातं उभं केलं आणि १८७८च्या कायद्याने राखीव जंगलांचं जाळं पसरलं. रेल्वेला स्लीपर हवे होते, जहाजांना साग हवा होता. डोंगरातल्या पाड्यांवर फिरती शेती करणाऱ्या, कंद-मोह गोळा करणाऱ्या लोकांकडे मालकीचा कागद नव्हता, कारण तोवर तो कुणी मागितलाच नव्हता. पुढे काही ठिकाणी वर्षाच्या बोलीने जमीन कसायला मिळाली. ‘एकसाली प्लॉट’ हा शब्द आमच्या जिल्ह्यातली म्हातारी माणसं आजही वापरतात. बाकीच्यांना अतिक्रमणदार म्हणून दंड होत राहिला. गंमत अशी की त्या जुन्या दंडाच्या पावत्याच पुढे ‘हा माणूस तेव्हापासून इथे कसतोय’ याचा पुरावा म्हणून उपयोगी पडल्या. पत्र्याच्या पेटीत तळाशी जपलेल्या दंडाच्या पावतीला असा भाव येईल, असं दंड करणाऱ्या गार्डाच्याही मनात आलं नसेल.

## २००६चा कायदा काय देतो?

अनुसूचित जमाती व इतर पारंपरिक वननिवासी यांच्या हक्कांना मान्यता देणारा हा कायदा, थोडक्यात वनहक्क कायदा. तो २००६ला मंजूर झाला, अंमल सुरू झाला २००८च्या उंबरठ्यावर. त्याच्या प्रस्तावनेतच मान्य केलंय की या लोकांवर ऐतिहासिक अन्याय झाला. कायदा नव्याने जमीन वाटत नाही, आधीपासून चालत आलेला हक्क मान्य करतो.

वैयक्तिक हक्काच्या अटी अशा: १३ डिसेंबर २००५च्या आधीपासून जमीन कसत असला पाहिजे. जेवढी कसतोय तेवढीच मिळणार, तीही जास्तीत जास्त ४ हेक्टर. आदिवासी नसलेल्याला शिवाय तीन पिढ्यांचं, म्हणजे ७५ वर्षांचं वास्तव्य दाखवावं लागतं. पट्टा वारसांकडे जातो, पण विकता येत नाही. लग्न झालेलं असेल तर नवरा-बायको दोघांच्या नावावर होतो.

दाव्याचा प्रवास गावातून सुरू होतो. ग्रामसभा वनहक्क समिती नेमते, समिती जागेवर जाऊन पडताळणी करते, मग ग्रामसभेचा ठराव, मग उपविभागीय समिती आणि शेवटी जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालची जिल्हा समिती. किमान दोन पुरावे लागतात. कागदच हवा असं नाही. जुनी विहीर, बांध, स्मशानाची जागा, गावातल्या जाणत्या माणसाचा लेखी जबाब, हेही पुरावे चालतात. उपग्रहाचं छायाचित्र पूरक म्हणून घेता येतं, पण त्यापुढे बाकीचे पुरावे निकामी ठरत नाहीत, असं नियमातच आहे.

व्यवहारात मात्र नेमकं इथेच गाडं अडतं. दोन एकर कसणाऱ्याच्या नावावर काही गुंठेच मंजूर होतात, दावा का नाकारला ते लेखी कळत नाही, किंवा पट्टा मिळतो पण सातबाऱ्यावर नाव ‘इतर हक्कात’ जातं आणि बँक कर्जाला उभं करत नाही. १३ फेब्रुवारी २०१९ला सर्वोच्च न्यायालयाने दावा फेटाळलेल्यांना जमिनीवरून हटवण्याचा आदेश दिला तेव्हा देशभर खळबळ उडाली. २८ फेब्रुवारीला न्यायालयानेच त्याला स्थगिती दिली आणि दावे फेटाळताना प्रक्रिया नीट पाळली का, हे राज्यांना विचारलं. महाराष्ट्रात मे २०२०मध्ये राज्यपालांच्या अधिसूचनेने अनुसूचित क्षेत्रात जिल्हा समितीच्या निर्णयावर विभागीय समितीकडे अपील करण्याची सोय झाली.

इथवरचा भाग बातम्यांत येतो. माझ्या मते याच कायद्यातला जास्त मोलाचा भाग पुढे आहे, आणि नाशिक जिल्ह्यात त्याची चर्चा सर्वात कमी होते.

## फ्लॅट आणि सोसायटी

इंदिरानगरातल्या एखाद्या सोसायटीत तुमचा फ्लॅट आहे. आत भिंतीला कोणता रंग द्यायचा ते तुम्ही ठरवता. पण गच्ची, पाण्याची टाकी, बोअर, पार्किंग हे सगळ्यांचं. ते वापरण्याचा हक्क एक, आणि ‘टँकर कधी मागवायचा, वॉचमन कोण, गच्चीवर मंडप घालू द्यायचा का’ हे ठरवण्याचा हक्क दुसरा. हा दुसरा हक्क सोसायटीच्या सभेकडे असतो. सभाच नसेल तर टाकी कुणी धुवायची यावरून किती महिने जातात, ते फ्लॅटमध्ये राहणाऱ्याला सांगायला नको.

वनहक्क कायद्यात हे तिन्ही आहेत. कसण्याची जमीन हा वैयक्तिक हक्क. गुरं चारणं, सरपण, मोह, मध, बांबू, करवंद हा वापराचा सामूहिक हक्क. आणि कलम ३(१)(झ) मधला सामूहिक वनसंसाधन हक्क, म्हणजे गावाच्या पारंपरिक हद्दीतलं जंगल राखण्याचा, वाढवण्याचा आणि त्याचे नियम करण्याचा हक्क. हद्द राखीव जंगलात जात असली तरी. कलम ५ ग्रामसभेला पुढे हेही सांगतं की जंगल, वन्यजीव, पाण्याचे उगम जपणं हे तिचं काम आहे.

इथे ग्रामसभा म्हणजे ग्रामपंचायत नव्हे. पंचायत निवडून आलेली असते. ग्रामसभेत गावातले सगळे प्रौढ येतात. पेसा कायद्याच्या, म्हणजे आदिवासी भागातल्या ग्रामसभांना जादा अधिकार देणाऱ्या कायद्याच्या क्षेत्रात तर एकेका पाड्याची वेगळी ग्रामसभा होऊ शकते, आणि पेठ, सुरगाणा, कळवण हे तालुके संपूर्णपणे त्या क्षेत्रात आहेत. वनहक्काच्या सभेला निम्म्या सदस्यांची हजेरी लागते आणि हजर असलेल्यांत एक तृतीयांश बाया हव्यात. ही अट निव्वळ शोभेची नाही. सरपणाची मोळी आणि मोहाची पाटी जिच्या डोक्यावर असते, तिला कोणत्या उतारावर काय उरलंय ते ठाऊक असतं.

## टिकवायचं म्हणजे नेमकं काय करायचं?

‘शाश्वत वन व्यवस्थापन’ हा शब्द अहवालांत फार येतो. अर्थ एवढाच: जंगल जेवढं वाढतं त्याहून जास्त काढायचं नाही, आणि काढताना पुढची वाढ मारायची नाही. जागेवर हे बारीक तपशिलांचं काम होतं.

मानवेल या बांबूचं बेट घ्या. पावसाळ्यात बेटाच्या कडेने नवे कोंब फुटतात आणि काही महिन्यांत पूर्ण उंची गाठतात. उंची मिळाली म्हणजे बांबू तयार झाला असं नाही, जून व्हायला तीनेक वर्षं लागतात. म्हणून तोडायचे ते मधले जुने. या वर्षीचे आणि गेल्या वर्षीचे कडेचे सोडायचे, कारण पुढचे कोंब त्यांच्याच बुडातून येणार. घाव जमिनीच्या वर वीतभर अंतर ठेवून. ठेकेदाराचा माणूस नेमकं उलट करतो. कडेचे हाताला लागतात म्हणून ते आधी कापतो, मधले अडचणीत असतात म्हणून सोडतो. चार-पाच हंगामांत बेट गुदमरतं. (बांबू हे गवत. तरी वनकायद्याच्या लेखी तो बरीच वर्षं ‘झाड’ होता. वनहक्क कायद्याने त्याला गौण वनोपजात, म्हणजे मोह-मधासारख्या जंगलातल्या मालात बसवलं, आणि वनाबाहेर लावलेला बांबू झाडांच्या यादीतून निघायला २०१७ उजाडावं लागलं.)

राबाचं तसंच. नागली, वरई किंवा भाताचं रोप टाकण्याआधी त्या तुकड्यावर शेण, वाळक्या फांद्या, पालापाचोळा आणि वर माती असे थर रचून उन्हाळ्यात भाजतात. तणाचं बी मरतं, माती भुसभुशीत होते, राख मिळते. त्यासाठी सादड्यासारख्या झाडांच्या फांद्या छाटाव्या लागतात. पेठ रस्त्याने सावळघाट उतरताना खांबासारखी उभी, वर नुसता पानांचा झुपका राहिलेली झाडं दिसतात ती यातूनच. शहरातला पाहुणा ती बघून हळहळतो. पण शेंडा राखून, एका झाडाला एकाआड वर्षाने हात लावला तर झाड पुन्हा फुटतं. दर वर्षी, सगळ्यांनी, हवं तसं ओरबाडलं तर फुटत नाही. ‘राब बंद’ असा वरून आलेला आदेश कुणी पाळत नाही. कोणत्या उतारावर यंदा छाटायचं नाही, हे पाड्याने मिळून ठरवलं तर ते पाळलं जाण्याची शक्यता असते.

मोहाच्या झाडाखाली फुलं वेचायला सोपं जावं म्हणून पालापाचोळा पेटवतात, त्यातून वणवे लागतात. पर्याय झाडून घेण्याचा किंवा खाली जुनी लुगडी, जाळी अंथरण्याचा. खर्च जवळपास नाही. पण शेजारीण पेटवणार असेल तर मी एकटी झाडून काय करू, हा प्रश्न उरतोच, आणि तो एकटीला सुटत नाही.

## ‘सगळ्यांचं ते कुणाचंच नाही’, त्याचं काय?

ही शंका अर्थशास्त्रातही फार जुनी. सामायिक कुरणावर प्रत्येक जण आपलं एक जनावर जास्त सोडणार आणि कुरण संपणार. एलिनॉर ऑस्ट्रॉम या अमेरिकन अभ्यासक बाईंनी जगभरची कुरणं, मासेमारी, पाटबंधारे, जंगलं तपासून दाखवलं की असं नेहमी होत नाही. हद्द स्पष्ट असेल, नियम वापरणाऱ्यांनीच केलेले असतील, राखणदार त्यांना उत्तरदायी असेल आणि पहिल्या चुकीला लहान, पुढच्या चुकीला मोठा दंड असेल, तर सामायिक वस्तू पिढ्यानपिढ्या टिकते. २००९चं अर्थशास्त्राचं नोबेल त्यांना मिळालं, हे पारितोषिक मिळालेल्या त्या पहिल्या महिला.

आपल्याला त्यासाठी लांब जायची गरज नाही. बागलाण-साक्रीकडे मोसम, पांझरा या नद्यांवर फड पद्धत शतकानुशतकं चालली. बंधाऱ्यावरून पाट, पाटाखाली जमिनीचे फड, एका फडात एकच पीक. पाणी सोडायचं ते पाटकऱ्याने, शेतकऱ्याने स्वतः दार उघडायचं नाही. पिकाची राखण जागल्याची. हंगामाआधी पाट सगळ्यांनी मिळून साफ करायचा. पाऊस कमी झाला तर भिजवायचे फड कमी करायचे. ऑस्ट्रॉमबाईंच्या अटी यात एकेक करून सापडतात.

जंगलात याचं उदाहरण गडचिरोलीतलं मेंढा-लेखा. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही घोषणा तिथली. २००९ला या गावाला सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला आणि २०११ला बांबूच्या वाहतूक परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती आलं. चंद्रपूरच्या पाचगावाने आणखी पुढे जाऊन तेंदूपानं तोडायचीच नाहीत असं ठरवलं. पानांसाठी फांद्या छाटल्या जातात, आगी लावल्या जातात, म्हणून. हाती येणारा पैसा गावाने स्वतःहून सोडला. नेपाळने १९९३च्या वन कायद्याने डोंगरातली जंगलं गावगटांकडे सोपवली. आज तिथे असे वीस हजारांहून जास्त गट आहेत आणि उजाड झालेले बरेच डोंगर पुन्हा हिरवे झालेत. त्यात परदेशी कमाईमुळे शेती सोडून गेलेल्या माणसांचाही वाटा आहे, सगळं श्रेय गटांना देणं बरोबर नाही.

## पट्टे मिळाले की झाडं तुटणार नाहीत का?

कायद्याप्रमाणे आज झाड तोडून उद्या पट्टा मिळत नाही, २००५ची तारीख त्यासाठीच आहे. तरीही पट्टा मिळेल या आशेने काही ठिकाणी नवी तोड झालीच नाही असं म्हणणं खोटं ठरेल. दावे जितकी वर्षं लोंबकळतात तितकी ही आशा आणि तिचा फायदा घेणारे दलाल वाढतात. म्हणून दावे लवकर आणि नियमाने निकाली काढणं जंगलाच्याही फायद्याचं आहे. एकदा रेघ ओढली गेली की रेघेपलीकडचं जंगल कुणाचं, हा प्रश्न मिटतो.

मिटतो, पण तिथे सामूहिक हक्क असेल तरच. नुसते पट्टे देऊन उरलेलं जंगल तसंच ठेवलं तर फ्लॅट विकून सोसायटीच न नोंदवल्यासारखं होतं.

## मग वनखातं कशाला?

काही कार्यकर्ते खात्याला सरळ खलनायक ठरवतात. मला ते पटत नाही. पेठ, हरसूल, सुरगाणा पट्ट्यात खैराची तस्करी नवी नाही. रात्री गाडी घेऊन येणाऱ्या टोळीला अडवणं पाड्यावरच्या चार पोरांचं काम नव्हे, त्याला गणवेश, नाका आणि कोर्टात उभी राहणारी केस लागते. रोपवाटिका, वणव्याची यंत्रणा, वन्यजीवांचं ज्ञान हे खात्याकडेच आहे. मात्र एका वनरक्षकाच्या बीटात शेकडो हेक्टर येतात. एवढ्या जंगलावर एका माणसाची नजर पुरत नाही, तिथे गुरं चारणाऱ्या पोराची पुरते. तो खबर देईल की बघून न बघितल्यासारखं करेल, हे जंगलात त्याचा वाटा आहे का यावर ठरतं.

१९९२पासून महाराष्ट्रात संयुक्त वन व्यवस्थापन समित्या आहेत. त्यांनी काही गावांत चांगलं काम केलं. पण त्या सरकारी ठरावाने आल्या, सचिव खात्याचा, निर्णयाचा धागा खात्याच्या हाती. वनहक्क कायद्याने दिलेला अधिकार कायद्याचा आहे, साहेब बदलला म्हणून तो जात नाही.

## गावातलं राजकारण?

असतंच. सरपंचाचा पुतण्या समितीत बसतो, सभा कागदावर भरते, सह्या घरोघर फिरवून घेतल्या जातात. विदर्भात तेंदूच्या ठेकेदारांनी ग्रामसभांचे पैसे थकवल्याच्या तक्रारी झाल्या. जिथे ग्रामसभेचे हिशेब भिंतीवर लागतात आणि पाड्याची सभा वेगळी भरते, तिथे हे कमी होतं. पूर्ण थांबत नाही.

## नाशिकमध्ये हे मागे का पडलं?

गडचिरोलीत बांबू आणि तेंदू आहे, म्हणजे सामूहिक हक्क मिळाला की दोन-चार हंगामांत रोख पैसा दिसतो. आमच्या पश्चिम पट्ट्यातले डोंगर बरेच उघडे पडलेत. इथे सामूहिक हक्काचं फळ म्हणजे चारा, सरपण, थोडा मोह आणि मुख्य म्हणजे पाणी. पावसाळ्यात धो धो पडणारा पाऊस नार-पार-दमणगंगेतून पश्चिमेला वाहून जातो आणि त्याच पेठ-सुरगाण्यात उन्हाळ्यात बाया झऱ्यावर वाटीने पाणी भरतात. उतारावर झाड-झुडूप आणि गवत टिकलं तर झरा आणखी काही आठवडे चालतो. पण हा फायदा पाच-दहा वर्षांनी दिसणारा आणि नावावर न लागणारा. चार गुंठे का होईना, सातबाऱ्यावर नाव लागणं आधी मागितलं गेलं, यात कुणाला दोष द्यावा असं नाही. शहराने मात्र याकडे लक्ष द्यायला हवं. गंगापूर धरणाचं पाणलोट त्र्यंबकच्या डोंगरांत आहे. तिथले उतार कोण राखतं, यावर आपल्या धरणात पाण्याबरोबर किती गाळ येतो ते ठरतं.

ज्या गावांना सामूहिक हक्क मिळतो तिथे काम कागद मिळाल्यावर सुरू होतं. आधी शेजारच्या गावाबरोबर बसून शिव ठरवायची, आणि ही बैठक बहुधा भांडणाचीच होते. मग व्यवस्थापन समिती, जंगल फिरून केलेला नकाशा, कुठे चराई बंद, वणवा अडवायला कुठे जाळरेषा, कुठे बी टोकायचं याचा आराखडा. समतल चर, दगडी बांध, रोपं लावणं ही कामं रोजगार हमीतून करता येतात, म्हणजे कामाच्या शोधात द्राक्षबागांकडे आणि बांधकामांवर येणाऱ्या माणसांना काही महिने गावातच मजुरी मिळते. त्यासाठी आराखडा तालुक्याच्या रोहयो नियोजनात वेळेवर शिरावा लागतो. त्या टेबलापर्यंत पाड्याचा कागद पोचवणारा, फॉर्म भरून देणारा आणि पुन्हा पुन्हा चकरा मारणारा माणूस ज्या गावात आहे, तिथे आराखडा पुढे सरकतो. बाकीच्या गावांत तो ग्रामसेवकाच्या कपाटात पडून राहतो.